एम्पायर गेलं, पासपोर्ट उरला

संपादक महोदय, स.न.

ब्रिटनच्या इमिग्रेशनवरचा तुमचा लेख वाचला, चांगलाय, पण गोष्ट अर्ध्यातनं सुरू केलीय असं वाटलं. १९४८ च्या कायद्याने लंडनमध्ये जन्मलेला गोरा आणि जमैकात जन्मलेला काळा, दोघं एकाच नागरिकत्वाचे होते, 'युनायटेड किंगडम आणि वसाहतींचे नागरिक'. म्हणजे त्याच वर्षी कॅरिबियनहून आलेल्या विंडरश बोटीने लंडनजवळच्या टिलबरी बंदरात उतरलेले बहुतेक लोक परके नव्हतेच, कागदावर तरी! मग १९५६ ला इजिप्तच्या सुएझ कालव्यावरून ब्रिटनची नाचक्की झाली, एकेक वसाहत सुटत गेली आणि 'आपण' कोण हे नव्याने ठरवायची वेळ आली.

ते ठरवलं कसं बघा. १९६८ ला केनियातले आशियाई, त्यात आपले गुजराती बरेच, ब्रिटिश पासपोर्ट घेऊन निघाले तर तीन दिवसांत कायदा पास, की आईबाप नाहीतर आजीआजोबा ब्रिटनमधले असतील तरच या. आणि हे लेबर म्हणजे मजूर पक्षाच्या सरकारने केलं बरं का. म्हणजे पासपोर्ट खरा पण आजोबा चुकीचे! पुढे १९८१ च्या कायद्याने ते जुनं सामायिक नागरिकत्वच मोडीत काढलं.

गंमत म्हणजे 'एम्पायर डे' चा १९५८ मध्येच 'कॉमनवेल्थ डे' झाला, पण ओबीई ('ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर') या ब्रिटिश किताबातला 'ई' अजून एम्पायरचाच आहे आणि तो घ्यायला आपलेही लोक सूटबूट घालून जातात.

– एक वाचक, ठाणे