गेम डिस्कची स्वतःपुरती प्रत: कायद्यात जे आहे ते सरकारने मराठीत सांगावे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

प्लेस्टेशन, एक्सबॉक्स यांसारख्या कन्सोलची (टीव्हीला जोडून गेम खेळायच्या यंत्राची) ओरिजिनल डिस्क विकत घेतली आणि तिची स्वतःपुरती एक बॅकअप प्रत काढून ठेवली, तर तो गुन्हा होतो का? या साध्या प्रश्नाचे सरळ उत्तर ग्राहकाला आज कोणी देत नाही. दुकानदार 'त्या भानगडीत पडू नका' म्हणून मोकळा होतो. डिस्कच्या कडेला बारीक अक्षरांत नक्कल करण्यास मनाई असल्याचे छापलेले असते. आणि नकली सीड्यांच्या दुकानावर छापा पडल्याची बातमी आली, की ज्यांनी पदरचे पैसे मोजून ओरिजिनल घेतली तेही धास्तावतात. मी पुण्यात बुधवार पेठेत कन्सोल दुरुस्तीचे काम करतो. हा प्रश्न माझ्या काउंटरवर सतत येतो, आणि त्याचे उत्तर अधिकाराने देऊ शकेल असा एकही सरकारी कागद माझ्याकडे नाही.

कायदा मात्र आहे. प्रताधिकार (कॉपीराइट) कायदा, १९५७ च्या कलम ५२ मध्ये कोणत्या गोष्टी केल्याने प्रताधिकाराचा भंग होत नाही त्यांची यादी दिली आहे. त्यातले ५२(१)(एए) हे उपकलम सांगते, की संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, त्याला ती हरवू, नष्ट होऊ किंवा खराब होऊ नये म्हणून तात्पुरते संरक्षण या नात्याने बॅकअप प्रत काढता येते. ती प्रत वापरायची मात्र ज्या कामासाठी मूळ प्रोग्रॅम मिळाला त्याच कामासाठी. पुढचे (एडी) उपकलम आणखी मोकळे आहे: स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, व्यापारी हेतू न ठेवता, वैयक्तिक वापरासाठी प्रत काढायला हरकत नाही. 'बॅकअप' हा शब्द कायद्याच्या पुस्तकात छापलेला आहे, तरी त्या शब्दाला लोक बिचकतात.

ही प्रत का लागते, ते काम करणाऱ्याच्या नजरेतून सांगतो. डिस्क म्हणजे १.२ मिलिमीटर जाडीचे पॉलिकार्बोनेट. जुन्या प्लेस्टेशनच्या सीडीत माहितीचा थर छापील बाजूच्या लगेच खाली असतो, त्यामुळे चित्राच्या बाजूने नख किंवा पेन जोरात लागले तर ती सीडी कायमची गेली. पॉलिश करून काही होत नाही, कारण घासायची बाजू वेगळी आणि जखम वेगळ्या बाजूला. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीत तो थर दोन पातळ चकत्यांच्या मधोमध चिकटवलेला असतो. तिच्या खालच्या बाजूचे चरे बफिंगने, म्हणजे यंत्रावर घासून पॉलिश करून, बऱ्याचदा निघतात. नंतरच्या कन्सोलच्या ब्लू-रे डिस्कमध्ये थर पृष्ठभागापासून अवघ्या ०.१ मिलिमीटरवर असतो, म्हणून वर कडक लेप दिलेला असतो, पण तो लेप एकदा फाटला की मग इलाज नाही. आपल्याकडचा पावसाळा तर सगळ्यांचाच वैरी. कोकणातून येणाऱ्या डिस्कवर बुरशीचे ठिपके मी नेहमी पाहतो.

सगळ्यात फसवी असते ती मधल्या भोकाची चीर. डबीतली पकड घट्ट असते, मुले डिस्क वाकवून ओढतात आणि भोकाच्या कडेला केसाएवढी चीर पडते. मध्यंतरी एक ताई साताऱ्याहून भावाच्या जुन्या डिस्क घेऊन आल्या. त्यात 'हनुमान: बॉय वॉरियर' होती. २००९ साली हैदराबादच्या कंपनीने प्लेस्टेशन २ साठी केलेला हा खेळ. डिस्क दिव्यासमोर धरली तेव्हा चीर दिसली, पण ती अजून आतल्या पारदर्शक कड्यातच होती. डीव्हीडीत खेळाची माहिती मध्यापासून सुमारे २४ मिलिमीटरवर सुरू होते. चीर तिथवर पोहोचली नव्हती. कन्सोलमध्ये ती डिस्क पूर्ण वेगाने फिरवली असती तर चीर वाढली असती, कदाचित डिस्क आतच फुटली असती. म्हणून संगणकाच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये, वेग शक्य तितका उतरवून, आम्ही तिची प्रत घेतली. पूर्ण भरलेली ४.७ जीबीची डिस्क एकपट वेगाने वाचायला तासाभराचा वेळ लागतो, पण अशा वेळी घाई करायची नसते. लगेच दुसऱ्यांदा वाचून आणखी एक प्रत घेतली आणि दोन्हींचा चेकसम, म्हणजे फाइलमधल्या सगळ्या माहितीवरून संगणकाने काढलेला पडताळणीचा आकडा, ताडून पाहिला. एका बिटाचाही फरक असता तर आकडा वेगळा आला असता. दोन्ही आकडे जुळले. मूळ डिस्क आता डबीत बंद आहे. ती पुन्हा फिरवायची नाही, असे मी ताईंना बजावून सांगितले.

तो खेळ पुन्हा विकत घ्यायचा म्हटला तर मिळणार कुठे? प्लेस्टेशन २ चे उत्पादन जगभर बंद झाल्याची घोषणा जानेवारी २०१३ मध्ये झाली. त्याच काळात कबड्डी, विटीदांडू, पतंग असे खेळ असलेला 'देसी अड्डा' आपल्याकडे बनला होता. हे खेळ डिस्कवर आले आणि डिस्कवरच राहिले. छापील पुस्तकाचे तसे नसते. १९५४ च्या कायद्याने प्रकाशकाला पुस्तकाच्या प्रती कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाकडे आणि मुंबईच्या टाउन हॉलमधल्या मध्यवर्ती ग्रंथालयासह आणखी काही ग्रंथालयांकडे पाठवाव्या लागतात. खेळाच्या डिस्कसाठी अशी सक्ती नाही. आपल्या मुलांसाठी आपल्याच लोकांनी केलेले पहिले कन्सोल खेळ आज घराघरातल्या कपाटांत आहेत आणि तिथेच खराब होत आहेत. त्यांची प्रत काढणारा माणूस चोर नाही. उलट ते काम ग्रंथालयाने करायला हवे होते, ते तो पदरमोड करून करतो आहे. अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत, २०१० पूर्वी तिथे आलेल्या खेळांपैकी ८७ टक्के बाजारात कुठेच उपलब्ध नसल्याचे आढळले. जिथे या धंद्याचा एवढा पसारा आहे तिथे ही स्थिती, तर आपल्याकडे काय असेल!

आता कुलपाचा, म्हणजे नक्कल रोखण्यासाठी कंपनीने घातलेल्या तांत्रिक अडथळ्याचा मुद्दा, कारण सगळा गोंधळ तिथेच आहे. वर सांगितलेली प्रत काढताना आम्ही एकही कुलूप तोडले नाही. प्लेस्टेशन २ ची डीव्हीडी साध्या ड्राइव्हमध्ये वाचली जाते. कुलूप असते ते प्रत चालवताना. पहिल्या प्लेस्टेशनचेच घ्या. कारखान्यात डिस्कच्या सुरुवातीच्या भागात माहितीची रेघ मुद्दाम हलकीशी नागमोडी केलेली असते आणि त्या हेलकाव्यात डिस्क जगातल्या कोणत्या प्रदेशासाठी आहे त्याचा कोड दडवलेला असतो. घरच्या संगणकाचा डिस्क लिहिणारा ड्राइव्ह ती नागमोड लिहूच शकत नाही. म्हणून प्रत अक्षर न् अक्षर बरोबर असली तरी कन्सोल तिला नाकारतो, आणि ती चालवायला कन्सोलमध्ये ही तपासणी चुकवणारी चिप टाकावी लागते. ऑस्ट्रेलियात हाच वाद तिथल्या सर्वोच्च न्यायालयात गेला. 'स्टीव्हन्स विरुद्ध सोनी' या खटल्यात २००५ साली न्यायालयाने निकाल दिला, की हे कुलूप नक्कल करण्यापासून अडवत नाही, नक्कल झाल्यावर ती चालवण्यापासून अडवते. तेव्हा त्या वेळच्या कायद्यातल्या 'तांत्रिक संरक्षणा'च्या व्याख्येत ते बसत नाही. पुढे तिथे व्याख्याच बदलण्यात आली, हा भाग वेगळा. पण निदान त्या देशाने हा प्रश्न मोकळेपणाने ऐकून तरी घेतला.

आपल्या कायद्यात कुलपाचे कलम २०१२ च्या दुरुस्तीने आले, कलम ६५-ए. ते नीट वाचावे अशी माझी सर्वांना विनंती आहे. तांत्रिक संरक्षण तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड आहे, पण कधी? प्रताधिकाराचा भंग करण्याच्या इराद्याने तोडले तर. त्याच कलमात पुढे म्हटले आहे, की या कायद्याने स्पष्टपणे मना न केलेल्या हेतूसाठी केलेल्या कृतीला ही तरतूद आड येत नाही. आणि अशा कामात दुसऱ्याला मदत करणाऱ्याने त्या माणसाचे नाव, पत्ता, ओळख पटेल असा सर्व तपशील आणि कामाचा हेतू यांची संपूर्ण नोंद ठेवायची आहे. म्हणजे कायदा करणाऱ्यांनी माझ्यासारख्या कारागिराचा विचार केला होता.

मी ती नोंद ठेवतो. रजिस्टरमध्ये तारीख, ग्राहकाचे नाव, पत्ता, ओळखपत्राचा क्रमांक, कन्सोलचा सिरियल नंबर, डिस्कवर छापलेला कोड, कामाचा हेतू आणि सही. ओरिजिनल डिस्क समोर ठेवल्याशिवाय काम घेत नाही. यावरून काही ग्राहक चिडतात. शेजारच्या गल्लीत कोणी काही विचारत नाही, असे ऐकवून निघून जातात. मला त्याचे वाईट वाटते, पण 'बॅकअप' या नावाखाली नेटवरून उतरवलेले शेकडो खेळ हार्ड डिस्कवर भरून विकायचे, हे मी कधीही करणार नाही. खेळ बनवायला माणसे वर्षानुवर्षे राबतात. त्यांची मेहनत चोरणाऱ्यांमुळेच आज प्रामाणिक ग्राहकाकडेही संशयाने पाहिले जाते.

बरेचजण विचारतात, 'ओरिजिनल माझ्याकडे आहे, मग तोच खेळ नेटवरून घेतला तर काय बिघडले?' माझ्या वाचनाप्रमाणे बिघडते. सवलत आपल्याजवळच्या प्रतीवरून काढलेल्या प्रतीला आहे, दुसऱ्या कोणी चढवलेल्या फाइलला नाही. तसेच डिस्क विकली की बॅकअपही पुसून टाकायचा, कारण मग आपण त्या खेळाचे कायदेशीर धारक उरत नाही.

एक जागा खरोखर संदिग्ध आहे. (एए) आणि (एडी) ही उपकलमे संगणक प्रोग्रॅमबद्दल बोलतात. खेळात प्रोग्रॅम असतो, पण संगीत, चित्रे, चलचित्रेही असतात. प्रोग्रॅम सोडून इतर कृतींच्या खासगी वापराची सवलत त्याच कलमाच्या (ए) मध्ये आहे. दोन्ही एकत्र वाचली तर पूर्ण डिस्कची प्रत बसते असे मला वाटते, पण माझ्या वाटण्यावर एखाद्या ग्राहकाने का विसंबावे? आणि उद्या कोणी तक्रार केली तर ठाण्यातल्या हवालदाराने तरी कशाच्या आधारावर ठरवायचे?

म्हणून माझी मागणी आहे, की केंद्राच्या उद्योग संवर्धन विभागाखाली असलेल्या प्रताधिकार कार्यालयाने याचा लेखी खुलासा करावा आणि तो मराठीसह सर्व भारतीय भाषांत द्यावा. स्वतःच्या डिस्कची प्रत काढता येते की नाही, ती चालवण्यासाठी स्वतःच्याच कन्सोलमध्ये बदल करता येतो की नाही, आणि प्रोग्रॅमसोबतच्या संगीत-चित्रांचे काय, या तीन गोष्टी त्यात स्वच्छ असाव्यात. कंपन्यांनीही पुढे यावे. नव्या खेळाची डिस्क आज चार-पाच हजारांना पडते. इतके पैसे घेणाऱ्याने खराब झालेली डिस्क परत घेऊन माफक दरात बदलून दिली, तर बॅकअपची गरजच निम्म्याने कमी होईल. ज्या खेळांच्या डिस्क छापणेच बंद झाले आहे, त्यांच्याबाबत तरी डिस्कच्या मालकाची वाट अडवू नये.

आणि माझ्यासारख्यांसाठी एक छोटी गोष्ट. कायदा नोंद ठेवा म्हणतो, पण तिचा नमुना दिलेला मला कुठे आढळला नाही. ते रजिस्टर कोणत्या स्वरूपात ठेवायचे, किती वर्षे जपायचे, ग्राहकाच्या ओळखपत्राची प्रत घ्यायची की नुसता क्रमांक पुरे, आणि ते तपासायचा अधिकार कोणाला, एवढे सरकारने सांगितले तर मी आजपासून त्याच नमुन्यात लिहायला लागेन.

आपला,
एक कन्सोल दुरुस्ती कारागीर, बुधवार पेठ, पुणे
(नाव व पत्ता संपादकांकडे दिला आहे.)