भिवंडीच्या मोहल्ला समित्या आणि एक जुनी वही : गृहमंत्र्यांना खुले पत्र

मा. गृहमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई यांस,

विषय : मोहल्ला समित्यांना कायमस्वरूपी रूप देणे आणि त्यांची नोंद जपणे याबाबत.

महोदय,

सादर नमस्कार.

मी भिवंडीत जन्मले, इथेच वाढले आणि गेली पंचवीस वर्षे इथल्याच एका मराठी शाळेत शिकवते. माझे वडील यंत्रमागावर जॉबर, म्हणजे मागांचे बिघाड काढणारे, होते. ते गेल्यानंतर त्यांच्या पेटीत एक लांबट, लाल पुठ्ठ्याची वही सापडली. पुढच्या पानांवर कांड्यांचा, ताग्यांचा आणि कामगारांनी घेतलेल्या उचलीचा हिशेब आहे. वही उलटी धरून मागच्या बाजूने उघडली की दुसराच हिशेब सुरू होतो : तारीख, हजर माणसे, विषय, ठरलेली गोष्ट. “गटाराचे पाणी. दोन्ही घरांनी मिळून फरशी टाकायची.” “नळावरचे भांडण. पहाटेचा नंबर आलटून पालटून.” “रात्री बारानंतर लाउडस्पीकर नको, दोन्हीकडून.” आमच्या गल्लीच्या मोहल्ला समितीच्या, म्हणजे वस्तीतली माणसे आणि पोलीस एकत्र बसत त्या समितीच्या, बैठकांची ही टिपणे आहेत. याच वहीमुळे मी आपल्याला हे पत्र लिहीत आहे.

भिवंडीचे नाव राज्यात कोणत्या कारणाने घेतले जाते, हे आपल्याला ठाऊकच आहे. 7 मे 1970 रोजी शिवजयंतीच्या मिरवणुकीपासून इथे दंगल पेटली आणि तिचे लोण जळगावपर्यंत गेले. न्यायमूर्ती मादन आयोगाने भिवंडी, जळगाव आणि महाड या तिन्ही ठिकाणच्या घटनांची चौकशी केली. तो अहवाल वाचताना मनाला सगळ्यात जास्त लागते ते हे की दंगल एका दुपारी झाली नव्हती. मिरवणुकीचा मार्ग, मशिदीसमोरचे वाद्य, गुलाल, घोषणा यांवरून कटुता अनेक वर्षे साचत आली होती आणि ती साचताना दिसतही होती. त्यानंतर 14 वर्षांनी, मे 1984 मध्ये, पुन्हा तेच झाले. भिवंडी, ठाणे आणि मुंबई मिळून अडीचशेहून अधिक माणसे मेली.

1984 साली मी दहा वर्षांची होते. त्या दिवसांतली माझी सर्वांत पक्की आठवण आवाजाची आहे, किंवा आवाज थांबल्याची. आमच्या गावात मागांची खडखड रात्रंदिवस चालते. लहान मूल त्या आवाजातच झोपायला शिकते. त्या मे महिन्यात एका रात्री सगळे माग बंद झाले, आणि आम्ही भावंडे त्या शांततेला घाबरून जागी राहिलो. संचारबंदी उठल्यावर वडिलांबरोबर मी त्यांचा कारखाना पाहायला गेले. लाकूड, कातडी पट्टे, सूत, सगळे जळून गेले होते आणि मागांचे बिडाचे सांगाडे तेवढे रांगेने उभे होते. मालक मुसलमान होता, सूत देणारा व्यापारी हिंदू होता, मागावर उत्तर प्रदेशातले मुसलमान कामगार होते आणि तेलंगणातून आलेले पद्मशाली विणकर होते, बिघाड काढणारे माझे वडील मराठा. कोणाचा माग जळला, याचे एका शब्दात उत्तर देता येत नव्हते.

महोदय, या शहराची दुसरीही एक गोष्ट आहे. ती फारशी सांगितली जात नाही. 1988 मध्ये श्री. सुरेश खोपडे पोलीस उपायुक्त म्हणून इथे आले. त्यांनी वस्तीवस्तीत मिळून सुमारे 70 मोहल्ला समित्या उभ्या केल्या. मिश्र वस्तीत दोन्ही समाजांची माणसे बरोबरीने घेतली, पक्षांचे पुढारी आणि गुन्ह्यांची नोंद असलेले लोक बाहेर ठेवले, आणि बैठकीची जबाबदारी त्या भागात रोज फिरणाऱ्या पोलिसावर टाकली. सदस्य म्हणजे मागवाले, फेरीवाले, शिक्षक, किराणा दुकानदार. सण असो वा नसो, बैठक ठरलेल्या दिवशी होई. धर्माचा विषय तिथे क्वचितच निघे. नळ, गटार, दारूडा, भाडेकरू, पोरांचे क्रिकेट यांवरच बहुतेक वेळ जाई. माझ्या मते याच साधेपणात त्या प्रयोगाचे बळ होते. ज्याच्याशी आपण गेल्या आठवड्यात गटारावरून भांडलो आणि मग समजुतीने मिटवले, त्याच्याविषयी कोणी काही येऊन सांगितले तर माणूस आधी जाऊन त्यालाच विचारतो.

मी लहानपणी अशा बैठका पाहिल्या आहेत. मागाचा एक शेड तासाभरासाठी बंद करायचे, दोन सतरंज्या अंथरायच्या, हवालदारसाहेब टोपी काढून मांडीवर ठेवायचे आणि रजिस्टर उघडायचे. कोपऱ्यात बिस्सी चालवणाऱ्या मावशी चहा घेऊन उभ्या असत. कामगारांना रोज दोन वेळ जेवू घालणाऱ्या या बाईंना गल्लीतल्या प्रत्येक खोलीची खबर असे. त्या बसत नसत, पण बोलत, आणि हवालदारसाहेब त्यांचे म्हणणे लिहून घेत.

6 डिसेंबर 1992 ला बाबरी मशीद पाडली गेली. त्यानंतरच्या दोन महिन्यांत मुंबईत 900 माणसे मारली गेल्याची नोंद श्रीकृष्ण आयोगाने केली आहे. मुंबईपासून जेमतेम तासा-दीड तासाच्या अंतरावरची, आधी दोनदा होरपळलेली भिवंडी त्या दोन महिन्यांत शांत राहिली. वडिलांच्या वहीत 7 डिसेंबर 1992, सोमवार, अशी नोंद आहे : “सकाळी आठ. सर्व हजर. रात्री दोघादोघांची पाळी. एक आपला, एक त्यांचा.” यातले ‘आपला’ आणि ‘त्यांचा’ हे दोन्ही शब्द वडिलांनी खोडले आहेत आणि वर बारीक अक्षरात माणसांची नावे लिहिली आहेत. पुढच्या सव्वीस रात्रींच्या पाळ्या नावानिशी मांडलेल्या आहेत.

मग हे सगळे गेले कुठे, हा प्रश्न आपण विचाराल. अधिकारी बदलत गेले, बैठका लांबणीवर पडत गेल्या आणि समित्या हळूहळू सणांपुरत्या उरल्या. याची किंमत काय असते ते 2006 च्या जुलैत दिसले. पोलीस ठाण्याच्या बांधकामाच्या जागेवरून वाद चिघळला, पोलिसांच्या गोळीबारात दोन माणसे गेली आणि त्यानंतर जमावाने दोन पोलिसांना ठार केले. तो हिंदू-मुसलमान दंगा नव्हता. वस्ती आणि पोलीस यांच्यातला होता. ज्या शहरात अठरा वर्षांपूर्वी पोलिसाने सतरंजीवर बसून नळाचे नंबर लावून दिले होते, त्याच शहरात हे घडावे, याचे दुःख मला आजही आहे. त्या दोन पोलिसांच्या घरच्यांविषयी जितके वाटते तितकेच त्या दोन माणसांच्या घरच्यांविषयी वाटते, आणि हे दोन्ही एकत्र बोलता येईल अशी जागा तेव्हा शहरात उरली नव्हती.

गेल्या वर्षी सणाआधीच्या एका शांतता बैठकीला मी शिक्षिका म्हणून गेले होते. कुठल्या ठाण्याची, ते सांगण्याचे कारण नाही, कारण बहुतेक ठिकाणी असेच चालते असे मला अनेक गावांतल्या मित्रमैत्रिणींनी सांगितले आहे. पुढच्या दोन रांगांत सर्व पक्षांचे पदाधिकारी होते, त्यांचे सत्कार झाले, फोटो झाले, कायदा हातात घेऊ नका असे सांगण्यात आले आणि पाऊण तासात बैठक संपली. बायका आम्ही तिघी होतो. माझ्या गल्लीतला एकही मागवाला तिथे नव्हता. मी उठून विचारले की मागच्या वर्षीच्या बैठकीत काय ठरले होते. तिथल्या अधिकाऱ्यांनी अगदी सौजन्याने उत्तर दिले की आपण नुकतेच बदलून आलो आहोत. त्यांची चूक नव्हती. त्यांच्या हाती कोणी काही सोपवलेच नव्हते.

आणि इथे मी माझ्या मुख्य म्हणण्याकडे येते. दंगलीची आठवण आपोआप टिकते. ती घराघरांत, आपापल्या बाजूने, मुलांना सांगितली जाते. शांतता कशी राखली याची आठवण मात्र कोणीतरी मुद्दाम जपली नाही तर एका पिढीत पुसली जाते. माझी एक मैत्रीण उर्दू शाळेत शिकवते. आम्ही दोघींनी एकाच आठवड्यात आपापल्या नववीच्या वर्गाला एकच प्रश्न विचारला : 1984 मध्ये आपल्या गावात काय झाले? माझ्या वर्गातल्या मुलांना आपली मेलेली माणसे ठाऊक होती, तिच्या वर्गाला त्यांची. दोन्ही वर्गांत मिळून शंभरावर मुले होती, आणि 1992 मध्ये आपले गाव शांत राहिले होते हे त्यांतल्या एकालाही माहीत नव्हते. ज्यांच्या आजोबांनी रात्र रात्र गस्त घातली, त्यांच्या नातवंडांना ते माहीत नव्हते.

हा फक्त भिवंडीचा प्रश्न असता तर मी आपल्याला जाहीर पत्र लिहिले नसते. 2023 च्या मे महिन्यात अकोल्यात, जूनमध्ये कोल्हापुरात, सप्टेंबरमध्ये सातारा जिल्ह्यातल्या पुसेसावळीसारख्या लहान गावात ज्या दंगली झाल्या त्या मोबाइलवरच्या मजकुरावरून पेटल्या. मार्च 2025 मध्ये नागपुरात धार्मिक मजकुराची चादर जाळल्याच्या अफवेने पाहता पाहता भडका उडाला. पूर्वी अफवा चालत यायची. आता ती हातात येते आणि पोलिसांची गाडी निघण्याआधी जमाव जमतो. त्या मधल्या वेळात वस्तीत जे कोणी आधीपासून एकमेकांना ओळखतात तेवढेच काही करू शकतात. आणि ओळख ही संकटाच्या दिवशी बोलावून येत नाही.

भिवंडीतली ओळख तर आज आणखी झपाट्याने विरते आहे. नोटाबंदी, जीएसटी, विजेचा दर आणि सुताच्या भावातली चढउतार यांनी छोटे कारखानदार मोडून गेले. शेकडो माग भंगारात वजनावर विकले गेले. शहराभोवती काल्हेर, पूर्णा, राहनाळ, माणकोलीकडे गोदामे उभी राहिली. तिथे रोजगार आहे, हे मान्य करायला हवे. पण तिथला मजूर ठेकेदाराच्या माणसापलीकडे कोणाला ओळखत नाही. मागाच्या शेडमध्ये बारा-बारा तास शेजारी उभे राहणाऱ्यांची जी ओळख होत असे, तिची जागा अजून कशानेही घेतलेली नाही.

आपल्याच गृह विभागाने 2007 मध्ये महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू केली. तिच्याविषयी मतभेद असतील, पण गावाने गावातच तंटा मिटवावा हा विचार शासनाने स्वीकारला, त्याची समिती ठरवली, बक्षीस ठरवले. गाव नसलेल्या आणि धड शहरही न झालेल्या भिवंडी, मालेगाव यांसारख्या वस्त्यांसाठी असे काही ठरले नाही. म्हणून माझी विनंती आहे की मोहल्ला समितीला शासन निर्णयाने कायमचे रूप द्यावे. तिच्यात पदाधिकारी नसावेत, निम्म्या बायका असाव्यात, बैठक दरमहा व्हावी आणि ती चौकीत न होता वस्तीत व्हावी. बीटवरच्या पोलिसाला या कामाचे श्रेय त्याच्या वार्षिक मूल्यमापनात मिळावे. आज त्याने टाळलेल्या भांडणाची नोंद कुठेच होत नाही आणि गुन्हा दाखल केला की आकडा वाढतो, हे कोणत्याही हवालदाराला विचारले तरी तो सांगेल. बैठकीचे रजिस्टर ठाण्याचा कायमचा दस्तऐवज समजावा, आणि बदली होऊन जाणाऱ्या अधिकाऱ्याने शस्त्रे व मुद्देमाल सोपवतो त्याच गांभीर्याने ते पुढच्या अधिकाऱ्याच्या हाती सही घेऊन द्यावे.

दुसरी विनंती आठवणीची. 1988 ते 1993 या काळातली मोहल्ला समित्यांची जी रजिस्टरे ठाण्यांच्या माळ्यांवर असतील, ती शोधून पुराभिलेख विभागाकडे द्यावीत. त्या समित्यांवर बसलेली माणसे आता सत्तरी-ऐंशीत आहेत. त्यांचे म्हणणे मराठीत, उर्दूत, तेलुगूत, ज्याच्या त्याच्या भाषेत ध्वनिमुद्रित करून घ्यावे. मादन आणि श्रीकृष्ण आयोगांच्या अहवालांचे सोपे मराठी आणि उर्दू सार आमच्या वाचनालयांत ठेवावे. जखम उघडी पडेल अशी भीती काही जण घालतील. मी रोज वर्गात उभी राहते; जखम उघडीच आहे, मुलांपर्यंत फक्त तिची अर्धी हकीकत पोचते आहे.

वडिलांच्या वहीतली शेवटची नोंद 1995 ची आहे. “हजर 9. साहेब आले नाहीत. पुढची तारीख कळवतील.” त्याखाली अर्धे पान कोरे आहे. आपल्या विभागाने असा संग्रह सुरू केला तर ती वही मी स्वतः मंत्रालयात आणून देईन. हिशेबाची पानेही तशीच राहू द्यावीत, एवढीच अट आहे.

आपली नम्र,
भिवंडीतील एक शिक्षिका