शिल्पे, आर्याचं ठरवण्याआधी हे वाच

प्रिय शिल्पा,

तुझा मेसेज वाचला. तुझ्या आर्याला रोलर स्केटिंगच्या पेअर्समधे, म्हणजे मुलगा-मुलीच्या जोडीत, घ्यायचं म्हणतायत, मुलगा दुसऱ्या शहरातला, आणि सर म्हणतायत आत्ताच पाठवा, नंतर वय निघून जाईल. हो म्हण की नाही म्हण हे मी इथे सिडनीत बसून सांगणार नाही, पण कात्या नावाच्या फिगर स्केटरबद्दल मात्र लिहिते, कारण तुझा मेसेज आल्यापासून तीच डोक्यात आहे. तुमचं रोलरवरचं आणि हे बर्फावरचं, पण जोडीचं गणित तेच गं.

आधी तिचा जोडीदार हार्ली विंडसर. हा आमच्या बाजूचा, वेस्टर्न सिडनीचा, आदिवासी घरातला. लहानपणी एकदा आई गाडी चालवताना रस्ता चुकली आणि ब्लॅकटाउनचं आइस रिंक दिसलं, तिथून त्याचं स्केटिंग सुरू झालं. (ब्लॅकटाउन म्हणजे आपली मराठी मंडळी भरपूर राहतात तेच.) पोरगा चांगला होता पण इथे त्याच्यासोबत उतरेल अशी मुलगीच मिळेना. रशियात उलटं, तिथे पेअर्सच्या मुली पुष्कळ आणि चांगली मुलं कमी. त्याच्या कोच गालिना पाचिना मूळच्या रशियन, त्यांनी मॉस्कोच्या नामांकित कोच नीना मोझेर यांना विचारलं, हार्ली तिकडे ट्रायलला गेला आणि कात्या मिळाली. एकातेरिना अलेक्सांद्रोव्स्काया, जन्म १ जानेवारी २०००. २०१६ मधे ती सोळा वर्षांची पोर सिडनीत आली. तिचे वडील त्याच्या थोडंच आधी वारले होते. तिला इंग्रजी धड येत नव्हतं, त्याला रशियन येत नव्हतं.

आणि तरी काय खेळले दोघं! त्याच वर्षी टॅलिनला ज्युनियर ग्रां प्री (ज्युनियर खेळाडूंच्या आंतरराष्ट्रीय मालिकेतली स्पर्धा) जिंकली. मार्च २०१७ ला तैपेईमधे ज्युनियर वर्ल्ड चॅम्पियन, फिगर स्केटिंगमधे ऑस्ट्रेलियाला जागतिक दर्जाचं असं गोल्ड त्याआधी कधीच मिळालं नव्हतं. डिसेंबरमधे नागोयाला ज्युनियर ग्रां प्रीची फायनलपण घेतली. त्यांचे जुने व्हिडिओ बघ, थ्रो जंपमधे ती हवेतून गरकन फिरून किती लांब जाऊन उतरते आणि उतरल्यावर पाय जराही डगमगत नाही, मी कितीही वेळा बघितलं तरी अंगावर काटा येतो.

पण टीव्हीवर पडणं दिसत नाही गं. इथल्या रिंकवर एका जोडीची प्रॅक्टिस मी काचेच्या अलीकडून बघितलीये. मुलीच्या टाइट्सच्या आत नितंबावर आणि गुडघ्यावर फोमचे पॅड होते. मुलगा कंबरेला धरून फेकतो, ती आपटते, हाताने मांडीवरचा बर्फ झटकते आणि लगेच त्याच्या मागे जाते, पुन्हा फेक, पुन्हा आपट. कोणी "लागलं का" विचारत नाही कारण विचारायला लागले तर प्रॅक्टिसच व्हायची नाही. मुलाच्याही खांद्याची पाठीची वाट लागते हे खरं, पण डोक्यावरच्या लिफ्टमधून खाली येते ती मुलगी, डेथ स्पायरलमधे, म्हणजे मुलगा एका हाताने धरून तिला बर्फालगत गोल फिरवतो तेव्हा, जिचं डोकं बर्फाला टेकायच्या बेतात असतं तीही मुलगीच. आणि जोडीतला एक जण आजारी पडला की दुसऱ्याचा पण सीझन गेला, म्हणून दुखतंय हे सांगायचीच चोरी होते. सिंगल्समधे निदान स्वतःपुरतं असतं.

बरं, वर्ल्ड चॅम्पियनशिपला दोघांपैकी एकाचं नागरिकत्व चालतं, ऑलिंपिकला दोघांचंही त्याच देशाचं लागतं. सप्टेंबर २०१७ ला जर्मनीत ओबर्स्टडॉर्फला दोघांनी ऑस्ट्रेलियासाठी ऑलिंपिकची जागा मिळवली, मग कात्याचं नागरिकत्व झालं. २०१८ ला प्योंगचांगला हार्ली हिवाळी ऑलिंपिकमधला पहिला ऑस्ट्रेलियन आदिवासी खेळाडू ठरला, सगळीकडे त्याचं कौतुक, आणि व्हायलाच हवं होतं. नंबर आला अठरावा, फ्री स्केटला, म्हणजे दुसऱ्या फेरीला, पहिल्या सोळा जोड्याच जातात त्यामुळे शॉर्ट प्रोग्रॅम या पहिल्या फेरीवरच संपलं. कात्या तेव्हा अठराची, ज्या देशाचा झेंडा अंगावर होता तिथे येऊन तिला दोन वर्षंच झालेली.

पुढे दुखापती होत राहिल्या. २०२० च्या सुरुवातीला तिला फिट आली, एपिलेप्सीचं निदान झालं आणि फेब्रुवारीत स्केटिंग बंद. १८ जुलै २०२० ला ती मॉस्कोत वारली. वीस वर्षांची होती. तिच्या मनात शेवटी काय होतं हे तिला न ओळखणाऱ्या माणसाने बोलूच नये असं मला वाटतं, पण ही बातमी वाचली तेव्हा मी खूप रडले होते. सोळाव्या वर्षी जी पोर एकटी परदेशी येते तिची मेडल्स सगळ्यांना पाठ असतात, पण घरी आल्यावर तिच्याशी तिच्या भाषेत कोण बोलतं, हे मोजायला कुठलाच तक्ता नाही, आणि याचा मला अजूनही राग येतो.

नियम थोडे बदललेत, २०२२ मधे आंतरराष्ट्रीय संघटनेने सीनियरचं किमान वय टप्प्याटप्प्याने पंधराचं सतरा करायचं ठरवलं. चांगलंच झालं, पण ज्युनियर मुलींना घर सोडावं लागतं ते लागतंच.

म्हणून सरांना मेडलबद्दल नंतर विचार. आधी हे विचार की ती राहणार कुणाच्या घरी, त्या घरात बाई कोण आहे, शाळेचं काय, पडली तर डॉक्टर कोण आणि आज खेळू नको असं ठामपणे सांगायचा अधिकार त्या डॉक्टरला आहे का. मुलाच्या आईवडिलांशी स्वतः बोल. जोडी तुटली तर पुढे काय हेही आत्ताच विचार, संकोच करू नकोस. आणि आर्याला हे खरंच हवंय का ते मला तिच्याच तोंडून ऐकायचंय, तुझ्यासमोर ती सगळं बोलणार नाही. रविवारी तुमच्या दुपारी फोन करते, तिच्याकडे दे आणि तू जरा बाहेर चक्कर मारून ये.

काकूंना नमस्कार.

तुझीच,
मेधा