बाबा, चित्रं मी काढत नाही

बर्बँक (लॉस एंजेलिसजवळ), रविवार रात्र

प्रिय आई-बाबा,

परवा फोनवर बाबा तुम्ही विचारलंत ना, "तुला साधा आंबा काढता येत नाही, मग कार्टूनच्या ऑफिसात तू करतेस काय?" तेव्हा मी हसून सोडून दिलं, पण डोक्यात राहिलं ते. फोनवर सांगायला गेलं की तुम्ही मध्येच "बरं, जेवलीस का" करता आणि विषय संपतो, म्हणून लिहूनच पाठवतेय.

तर कार्टून आधी लिहितात. छोटी गोष्ट, मग आउटलाइन, मग स्क्रिप्ट, आणि दर पायरीला चॅनेलवाल्यांच्या नोट्स, म्हणजे हे बदला, ते बदला. नटांचे आवाज आधी रेकॉर्ड होतात, चित्रं हलायला लागतात ती त्यानंतर, आणि ते काम बऱ्याचदा कोरियातल्या स्टुडिओत चालतं. अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये गोष्टीला मिळतात जेमतेम २२ मिनिटं. शूटिंगमध्ये रस्त्यावर कॅमेरा लावला की माणसं आपोआप येतात, इथे लेखकाने "रस्त्यावर गर्दी" असे दोन शब्द लिहिले की कुणीतरी त्यातला एकेक माणूस काढत बसतो, आणि मग प्रोड्यूसर विचारतो गर्दी हवीच का, चार माणसांत भागणार नाही का.

मी स्क्रिप्ट कोऑर्डिनेटर. कुठला ड्राफ्ट शेवटचा, कुठला डायलॉग बदलला, रेकॉर्डिंगला कुठलं पान गेलं हे सांभाळायचं. गेल्या महिन्यात माझ्या हातून जुनं पान गेलं, नटाने ते मन लावून म्हटलंसुद्धा, आणि मग मी जी बोलणी खाल्ली ती आईला सांगू नका (आई, तू वाचतेयस माहितीये).

आणि बाबा, मी फिजिक्स सोडलं ते तुमच्या मनातून अजून गेलेलं नाही. म्हणून कार्टून लिहिणाऱ्या एका माणसाचं सांगते, ड्वेन मॅकडफी. १९६२ चा जन्म, डेट्रॉइटचा, मिशिगन युनिव्हर्सिटीतून फिजिक्समध्ये मास्टर्स (आता बघा!), नंतर न्यूयॉर्कला फिल्मचं शिक्षण आणि मग मार्व्हलमध्ये असिस्टंट एडिटर. तिथे त्याने 'डॅमेज कंट्रोल' नावाची कॉमिक लिहिली, सुपरहिरोंच्या मारामारीत पडलेल्या बिल्डिंगांचा ढिगारा उपसणाऱ्या कंपनीची. सगळे हिरोकडे बघत असताना हा विचारतो की पडलेलं उचलणार कोण, मला तर हे फिजिक्सवाल्याचंच डोकं वाटतं. १९९३ मध्ये त्याने मित्रांबरोबर माइलस्टोन ही कॉमिक्सची कंपनी काढली. कॉमिक्समध्ये काळा हिरो असलाच तर एखादाच, मग त्या एकट्याने अख्ख्या समाजाच्या वतीने चांगलं वागायचं, म्हणून यांनी खूप सारे काढले, वेगवेगळ्या स्वभावांचे. त्यातल्याच स्टॅटिक या विजेची शक्ती असलेल्या शाळकरी पोरावर २००० मध्ये 'स्टॅटिक शॉक' मालिका आली. तिच्यात शाळेत बंदूक घेऊन येणाऱ्या मुलाचा एक एपिसोड आहे, शनिवार सकाळच्या कार्टूनमध्ये! त्या एपिसोडला ह्युमॅनिटास प्राइझ हे लेखनाचं बक्षीस मिळालं.

पुढे तो 'जस्टिस लीग' या सुपरहिरोंच्या कार्टून मालिकेवर लेखक, स्टोरी एडिटर आणि मग प्रोड्यूसर झाला. स्टोरी एडिटर म्हणजे दुसऱ्याचं स्क्रिप्ट रात्री बसून पुन्हा लिहिणारा, आणि नाव बऱ्याचदा पहिल्याचंच राहतं. दादा ज्या बेन टेनपुढून हलायचा नाही ना, त्यातल्या 'एलियन फोर्स'लाही हाच होता, ज्यात बेन १० वर्षांचा होता तो १५ चा झाला. ४९ व्या वाढदिवसाच्या दुसऱ्याच दिवशी, २१ फेब्रुवारी २०११ ला, तो गेला, इथेच बर्बँकमध्ये. आणि त्याने लिहिलेली सुपरमॅनची फिल्म २२ ला बाजारात आली. हे वाचल्यावर मी बराच वेळ नुसती बसून होते.

पैशांचं विचारलंत ते राहिलंच. कार्टून दहा वेळा दाखवलं तर दहा वेळा मिळतात का? बहुतेकदा नाही. आमची युनियन अॅनिमेशन गिल्ड, तिच्यात रिपीटचा पैसा लेखकाच्या हातात येत नाही, हेल्थ आणि पेन्शनच्या फंडात जातो. खऱ्या माणसांच्या मालिका लिहिणाऱ्यांची युनियन वेगळी, त्यांना हातात मिळतो. यावर कँटीनमध्ये रोज कुरकुर असते.

आमचा पहिला एपिसोड लागला की कळवते. माझं नाव अगदी शेवटी येईल, तेवढ्यात चॅनेलवाले पडदा छोटा करून पुढच्या कार्यक्रमाची जाहिरात सुरू करतात, तेव्हा आई चष्मा लावूनच बस आणि दादाला पॉज करायला सांग.

तुमची,
चित्र न काढणारी