काकांच्या जागी मनालीचा अर्ज

कोथरूड, पुणे

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, तुमचे पत्र मिळाले. काका सरकारी नोकरीत असतानाच गेले, तेव्हा त्यांच्या जागी त्यांच्या मुलाला, ओंकारलाच लावायचे, तो सज्ञान होईपर्यंत थांबायचे आणि तोवर त्यांच्या मुलीची, मनालीची ना-हरकत लिहून ठेवायची, असे घरात ठरल्याचे समजले. काकूंनी होकार दिला असला तरी तुमच्या शब्दाबाहेर त्या आजवर गेलेल्या नाहीत, म्हणून त्यांना न लिहिता तुम्हालाच लिहीत आहे. अनुकंपेचा, म्हणजे गेलेल्या कर्मचाऱ्याच्या घरातील एकाला नोकरी मिळण्याचा अर्ज मनालीच्या नावाने आणि आत्ताच करावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

अज्ञान मुलाला सज्ञान झाल्यावर अर्ज करता येतो, हे तुम्ही लिहिले ते खरे आहे. परंतु अर्ज करता आला म्हणजे नोकरी लागली असे होत नाही. काका गट-क मधले, म्हणजे लिपिकासारखी पदे ज्यात येतात त्या गटातले. या गटाची सामायिक प्रतीक्षासूची जिल्हाधिकारी कार्यालयाकडे असते, रिक्त पदांपैकी ठरावीक टक्केच पदे अनुकंपेने भरली जातात आणि सूचीतील क्रमांक परिपूर्ण अर्जाच्या तारखेप्रमाणे लागतो. ओंकार आता अकरावीत आहे. लिपिकाच्या पदासाठी त्याची पदवी आणि टंकलेखन होईपर्यंत थांबलो, तर तो सूचीच्या तळाशी उभा राहील आणि तिथून पुढची वाट पाहणे सुरू होईल. शिवाय वयाची ४५ वर्षे पूर्ण झाली की नाव सूचीतून कमी होते. वाट पाहता पाहता त्या वयाला पोहोचलेली माणसे आहेत, बाबा.

थांबण्यात आणखी एक धोका आहे. ही नोकरी वारसाहक्काने मिळत नाही, कर्ता माणूस अचानक गेल्यामुळे उघड्यावर आलेल्या घराला तातडीचा आधार म्हणून ती दिली जाते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये उमेशकुमार नागपाल यांच्या प्रकरणात सांगितले आणि पुढच्या निकालांत तेच सूत्र पुन्हा पुन्हा आले आहे. जे घर इतकी वर्षे कसेबसे का होईना चालले, त्याला आता तातडी कसली, असा प्रश्न उद्या कुणी विचारला तर आपल्याजवळ उत्तर नसेल. काकूंना कुटुंब निवृत्तिवेतन मिळेल, पण त्यात घरभाडे, ओंकारचे शिक्षण आणि काकांच्या आजारपणात झालेले देणे हे सगळे भागणार नाही, हे आईला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे.

राहिला तुमचा खरा आक्षेप, की मनाली लग्न करून जाईल आणि पगारही सासरी जाईल. २१ सप्टेंबर २०१७ च्या शासन निर्णयात पात्र नातेवाईक म्हणून पती किंवा पत्नीनंतर मुलगा आणि मुलगी, विवाहित असो वा अविवाहित, एकाच ओळीत लिहिले आहेत. ज्याला नोकरी मिळते त्याला कुटुंबातील इतरांचा सांभाळ करण्याचे हमीपत्र द्यावे लागते, आणि ते मुलगा-मुलगी दोघांनाही सारखेच लागू आहे. लग्नानंतर ओंकार आईला सांभाळीलच, याची खात्री तरी आपल्याला कुणी दिली आहे? काकांच्या आजारपणात रुग्णालयात रात्री थांबणारी, वैद्यकीय बिलांच्या झेरॉक्स तारीखवार टाचून कार्यालयात देणारी मनालीच होती. अशा मुलीपुढे दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी ना-हरकतीचा मुद्रांक ठेवणे मला बरे वाटले नाही. रागावू नका, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही.

पुढे सूचीत नाव असतानाच मनालीला दुसरीकडे चांगली नोकरी लागली, तर तिच्या जागी ओंकारचे नाव घेण्यासाठी प्रयत्न करता येईल. सूचीतील नाव बदलण्यास मनाई करणारी अट मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर येथील पूर्णपीठाने २०२४ मध्ये समर्थनीय मानली नाही. म्हणजे तिचे नाव आज घातल्याने ओंकारची वाट बंद होत नाही.

मनाली बी.कॉम. झालेलीच आहे. मराठी टंकलेखनाच्या ३० शब्द प्रति मिनिट परीक्षेसाठी तिने इथे माझ्याकडे राहून क्लास लावावा, मी चौकशी करून ठेवली आहे. काकांचा मृत्यूचा दाखला, शिधापत्रिका आणि मनालीची गुणपत्रके काकूंकडून एकत्र करून घ्या. मी शनिवारी येऊन अर्ज भरीन आणि काकांच्या कार्यालयात देऊन पोच घेईन. तालुक्याला जे गृहस्थ पैसे घेऊन नाव वर आणतो म्हणतात, त्यांना तोवर काहीही देऊ नका.

आईने गुडघ्याच्या गोळ्या चुकवू नयेत.

तुमची,
शुभांगी