बसच्या अटी रस्त्यावर तपासा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

२०२७च्या कुंभमेळ्यात नाशिकला जादा बस लागणार हे सांगायला तज्ज्ञ नको. त्या भाड्याने घेतल्या काय किंवा विकत घेतल्या काय, निविदा निघेल, आणि बाद झालेला कुणीतरी कोर्टाची पायरी चढेल. म्हणून मुंबईच्या बेस्टचं प्रकरण आपल्याकडच्या संबंधितांनी आत्ताच वाचून ठेवावं.

बेस्टने २०२२ मध्ये १४०० इलेक्ट्रिक बससाठी निविदा काढली. एका चार्जिंगवर, ८० टक्के बॅटरीत, प्रत्यक्ष परिस्थितीत बस २०० किलोमीटर धावली पाहिजे, अशी अट होती. टाटा मोटर्सने २०० चा आकडा दिला, पण तो प्रमाणित चाचणीतला, प्रत्यक्ष रस्त्यावरचा नाही. म्हणून टाटांची निविदा बाद झाली, आणि कंपनी कोर्टात गेली. जुलै २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती बादच ठेवली, पण बेस्टने निवडलेल्या दुसऱ्या कंपनीची निवडही रद्द केली. मे २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती निवड पुन्हा कायम केली. काम बरंच पुढे गेल्यावर सगळी प्रक्रिया मोडीत काढणं लोकहिताचं नाही, असं न्यायालयाचं म्हणणं.

मला हा निकाल पटतो. बस किती धावते हे न्यायमूर्तींनी का ठरवावं? निर्णय कसा घेतला एवढंच न्यायालय पाहील, निर्णयावर अपील ऐकणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या टाटा सेल्युलर खटल्यातल्या १९९४च्या निकालापासून चालत आलं आहे. पण याचा दुसरा अर्थ कुणी बोलत नाही. अट ढिसाळ लिहिली, तर ती दुरुस्त करायला कोर्ट येणार नाही.

मी बस आगाराच्या स्टोअरमध्ये नोकरी केली. एकदा ब्रेक लायनरचा लॉट आला. दर सगळ्यांत कमी, प्रयोगशाळेचा दाखला चोख. नांदुरीहून सप्तशृंगी गडावर जाणाऱ्या गाड्यांना ते बसवले आणि उतरताना जळका वास यायला लागला. मेकॅनिकने ड्रम काढला, तर लायनर काचेसारखं गुळगुळीत. पुरवठादाराला पत्र लिहायला बसलो, तर ऑर्डरमध्ये घाटाचा उल्लेखच नव्हता. साहेब म्हणाले, "त्याने तुम्ही मागितलं तेच दिलं." दाखला खोटा नव्हताच. चाचणीच्या टेबलाला उतार नसतो, एवढंच.

तेव्हा नाशिकच्या निविदेत नुसतं 'इतके किलोमीटर' लिहून भागणार नाही. प्रवासी भरलेले, एसी चालू, त्र्यंबक रस्त्याच्या फेऱ्या, पर्वणीच्या गर्दीत मुंगीच्या पावलाने चालणारी बस, हे सगळं धरून आकडा मागा. चाचणी इथल्याच रस्त्यावर घ्या, ती कोण मोजणार आणि बॅटरी किती उरली असताना थांबवणार, तेही आधीच लिहा. निविदापूर्व बैठकीत कंपन्या काय विचारतात आणि अधिकारी काय उत्तर देतात, ते मराठीत संकेतस्थळावर टाका. (तिथे जे शब्द हळूच बदलतात, त्यावरच पुढे वकिलांची घरं चालतात!) ज्याला बाद कराल, त्याला कारण लेखी द्या, आणि ते कार्यादेश (काम सुरू करण्याचा आदेश) निघण्याच्या आधी. म्हणजे ज्याला कोर्टात जायचं आहे तो तेव्हाच जाईल, बस डेपोत उभ्या राहिल्यावर नाही.

आपला,
एक निवृत्त स्टोअरकीपर, पंचवटी, नाशिक