शनिवारी विणकामाच्या पुस्तकांची अदलाबदल

मैत्रिणींनो,

येत्या शनिवारी दुपारी ४ वाजता, टिळकवाडीत नेहमीच्या जागी, विणकाम आणि क्रोशाच्या पुस्तकांची अदलाबदल आहे. खानापूर-निपाणीच्या मैत्रिणींना बस गाठायची असते, म्हणून आधी त्यांना निवडू द्यायचं.

• किमान एक पुस्तक आणा, त्यावर नाव घाला. नेलेलं पुस्तक महिनाभरात परत करा.
• खुणा पेन्सिलनेच करा.
• आईच्या, आजीच्या हातच्या नमुन्यांच्या वह्याही जरूर आणा. माझ्या मते त्या छापील पुस्तकांहून मोलाच्या. त्या मात्र कुणी घरी न्यायच्या नाहीत, तिथेच बसून उतरवून घ्या.

पुस्तक ब्रिटिश की अमेरिकन, हे पहिल्या पानावर लिहाच. ब्रिटिश पुस्तकातला ‘डबल क्रोशे’ हा टाका म्हणजे आपला मुका खांब. अमेरिकन पुस्तकात त्यालाच ‘सिंगल’ म्हणतात आणि तिथला ‘डबल’ म्हणजे आपला खांब. सुयांचंही तेच : जुन्या ब्रिटिश मापाची ८ नंबरची सुई ४ मिमीची, अमेरिकन ८ नंबरची ५ मिमीची. गेल्या थंडीत याच घोळामुळे नातवाचा अख्खा स्वेटर मला उसवावा लागला. नवा नमुना धरण्याआधी १० सेंमीचा तुकडा विणून टाके मोजा.

येणाऱ्यांनी शुक्रवारपर्यंत ग्रुपवर कळवा.